याचिका ‘निष्फळ’ ठरली म्हणजे नेमकं काय झालं? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वर्षानुवर्षं तारखा मोजल्यावर एक दिवस आदेश येतो आणि त्यात एवढंच असतं: ‘नंतरच्या घडामोडींमुळे याचिका निष्फळ झाली असल्याने निकाली काढण्यात येते.’ माणूस ती ओळ चार वेळा वाचतो आणि तरी त्याला कळत नाही, आपण जिंकलो की हरलो. कारण या एकाच ओळीमागे दोन अगदी उलट गोष्टी असू शकतात. हवं ते मिळालं म्हणून भांडण संपलेलं असतं, किंवा हवं ते कायमचं हातातून गेलं म्हणून मागण्यासारखं काही उरलेलं नसतं. आदेशाचे शब्द दोन्हीकडे तेच. म्हणून याचिका निष्फळ झाली असं कोणी सांगितलं की पहिला प्रश्न विचारायचा: कशामुळे? पुढची बरीचशी उत्तरं याच एका प्रश्नाभोवती फिरतात.

निष्फळ आणि ‘इन्फ्रक्च्युअस’ एकच का?

हो. वकील आणि न्यायाधीश बोलताना ‘इन्फ्रक्च्युअस’ म्हणतात, मराठी आदेशांत आणि बातम्यांत ‘निष्फळ’ किंवा ‘निरर्थक’ असं येतं. याचिका दाखल केली त्या दिवशी वाद जिवंत होता. नंतर असं काही घडलं की कोर्टाने आज मागणी मान्य केली काय किंवा फेटाळली काय, प्रत्यक्षात कोणालाच फरक पडणार नाही. उदाहरणार्थ, बदलीच्या आदेशाला आव्हान दिलं आणि खात्यानेच तो आदेश मागे घेतला, तर कोर्टाने रद्द करायला आदेशच उरत नाही.

मात्र याचिका ‘गुणवत्तेवर फेटाळली’ असं असेल तर ती गोष्ट वेगळी. तिथे कोर्टाने तुमचं म्हणणं तपासून नाकारलेलं असतं.

मग मी हरलो असं समजायचं का?

कायद्याच्या भाषेत नाही. तुमचं बरोबर की समोरच्याचं, यावर कोर्टाने काहीच म्हटलेलं नसतं. व्यवहारात मात्र उत्तर ‘कशामुळे?’ या प्रश्नावर ठरतं. थकलेली पेन्शन खात्यात जमा झाली म्हणून अर्ज निष्फळ झाला असेल तर तुम्ही जिंकलात, भले आदेशात तसा शब्द नसो. घर पाडून झालं म्हणून निष्फळ झाला असेल तर गोष्ट वेगळी आहे आणि ती तिथेच सोडून देऊ नये.

एवढी वर्षं थांबवलं, तर कोर्टाने निदान कोण बरोबर ते तरी सांगावं ना?

हा राग मला अगदी रास्त वाटतो. तरीही कोर्टाची बाजू समजून घ्यायला हवी. आपली न्यायालयं सल्लागार नाहीत, ती खराखुरा वाद मिटवायला बसलेली आहेत. केवळ मत द्यायचा अधिकार राज्यघटनेने एका ठिकाणी ठेवला आहे: अनुच्छेद १४३ खाली राष्ट्रपती सर्वोच्च न्यायालयाचं मत मागवू शकतात. तुम्हा-आम्हाला ती वाट नाही.

दावा दाखल झाल्यानंतर घडलेल्या गोष्टी कोर्टाने पाहाव्यात का, हा प्रश्न १९७५ मध्ये पसुपुलेटी वेंकटेश्वरलू प्रकरणात आला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी सांगितलं की दिलासा आजच्या वस्तुस्थितीला धरून द्यायचा असेल, तर कोर्टाने नंतरच्या घडामोडींची सावधपणे दखल घेतलीच पाहिजे. पुढे २००४ मध्ये शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मशाडो ब्रदर्स या निकालात सर्वोच्च न्यायालय आणखी पुढे गेलं: मूळ कार्यवाहीच निष्फळ झाली असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ मधले अंगभूत अधिकार वापरून ती संपवणं हे कोर्टाचं कर्तव्य आहे. त्यामुळे समोरच्या पक्षाने अर्ज दिला नाही तरी कोर्ट स्वतःहून विचारू शकतं, ‘आता यात काय उरलंय?’

पूर्वजामिनाचा अर्ज प्रलंबित असतानाच अटक झाली तर?

तर तो अर्ज निष्फळ होतो. अटकेआधीचं संरक्षण अटकेनंतर देता येत नाही, हे गुरबक्षसिंग सिब्बिया प्रकरणात १९८० मध्येच घटनापीठाने स्पष्ट केलं आहे. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ ऐवजी कलम ४८३ खाली नियमित जामिनाचा अर्ज करायचा. यात एक मोठा अपवाद लक्षात ठेवा: अटक दुसऱ्याच गुन्ह्यात झाली असेल तर या गुन्ह्यातला पूर्वजामिनाचा अर्ज आपोआप मरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२४ मध्ये तसं ठरवलं. एरवी मात्र अटकेबरोबर अर्ज संपतो, म्हणूनच पहिल्या तारखेलाच अंतरिम संरक्षण मागायचं असतं.

माणूस सुटला म्हणून ‘हेबियस कॉर्पस’ (बेकायदा कैदेतून सुटका मागणारी याचिका) संपली. बेकायदा डांबून ठेवलं त्याचं काय?

या प्रश्नाला एक जुनं आणि फार मोलाचं उत्तर आहे. बिहारमधला रुदुल साह जून १९६८ मध्ये सत्र न्यायालयातून निर्दोष सुटला, आणि तरीही तुरुंगातच राहिला. बाहेर आला तो १६ ऑक्टोबर १९८२ ला, म्हणजे चौदा वर्षांहून जास्त काळाने. त्याची याचिका सर्वोच्च न्यायालयात सुनावणीला आली तेव्हा बिहार सरकारच्या वकिलांनी सांगितलं, माणूस सुटला आहे. सुटकेची मागणी तिथेच निष्फळ झाली आणि कोर्टानेही ते मान्य केलं.

पण त्या याचिकेत सुटकेखेरीज आणखी मागण्या होत्या: पुनर्वसन, उपचारांचा खर्च, नुकसानभरपाई. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पीठाने त्या मागण्यांवर नोटीस काढली आणि १ ऑगस्ट १९८३ ला, आधी दिलेल्या ५,००० रुपयांखेरीज ३०,००० रुपये देण्याचा आदेश केला. मूलभूत हक्क तुडवला तर रिट याचिकेतच भरपाई मिळू शकते, हा विचार आपल्याकडे या निकालाने रुजवला. याचिकेत एकच मागणी असती तर ती त्या पहिल्याच सुनावणीत एका ओळीत संपली असती आणि हा निकाल जन्मालाच आला नसता.

म्हणून याचिका लिहून घेताना शेवटचं विनंतीचं कलम स्वतः वाचा. आदेश रद्द करा, एवढीच मागणी आहे की त्या आदेशामुळे झालेल्या नुकसानाचीही आहे? नसेल तर दुरुस्तीचा अर्ज देता येतो, पण तो विषय संपायच्या आत द्यायला हवा.

‘एमपीडीए’ या, धोकादायक ठरवलेल्या माणसाला खटल्याविना डांबण्याची मुभा देणाऱ्या महाराष्ट्राच्या कायद्याखालच्या स्थानबद्धतेत हे फार घडतं. त्या कायद्याखाली जास्तीत जास्त बारा महिने स्थानबद्ध ठेवता येतं. सुनावणी लांबली की मुदत संपते, माणूस बाहेर येतो आणि सुटकेच्या मागणीला अर्थ राहत नाही. अशा याचिकांत लवकर सुनावणीची विनंती पुन्हापुन्हा करण्यात संकोच बाळगू नये.

प्रशासनाने सुनावणीच्या आधीच काम उरकून टाकलं तर? झाड तोडलं, घर पाडलं, आता याचिका निष्फळ म्हणतात.

मला सर्वांत जास्त अस्वस्थ करणारा प्रश्न हाच, कारण यात याचिका आपोआप निष्फळ होत नाही, ती केली जाते.

मुंबईतल्या आरे वसाहतीचं उदाहरण सगळ्यांना आठवत असेल. ४ ऑक्टोबर २०१९ ला मुंबई उच्च न्यायालयाने मेट्रोच्या कारशेडसाठीच्या वृक्षतोडीविरुद्धच्या याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती चालू झाल्या. सर्वोच्च न्यायालयाला दसऱ्याची सुट्टी होती. कायद्याच्या विद्यार्थ्यांनी पत्र लिहिलं, ७ ऑक्टोबरला खास पीठ बसलं आणि आणखी तोड थांबवली. तोवर हवी तेवढी झाडं तोडून झाली होती. मेट्रो कंपनीने सांगितलेला आकडा होता २,१४१. जी झाडं पडली त्यांच्यापुरती मनाई मागण्यात अर्थ उरला नव्हता. तरी प्रकरण तिथे संपलं नाही, कारण उरलेल्या झाडांचा प्रश्न जिवंत होता. पुढे ८४ झाडांपुरती परवानगी असताना त्याहून जास्त झाडांसाठी वृक्ष प्राधिकरणाकडे गेल्याबद्दल एप्रिल २०२३ मध्ये याच कंपनीला सर्वोच्च न्यायालयाने दहा लाख रुपये भरायला लावले.

यातून व्यवहाराची गोष्ट अशी घ्यावी की न भरून येणारं नुकसान समोर असेल तर याचिका दाखल करून तारखेची वाट पाहत बसू नका. त्याच दिवशी ‘प्रॅसिपी’ (तातडीच्या सुनावणीची लेखी विनंती) देऊन प्रकरण कोर्टापुढे तातडीने मांडा आणि ‘जैसे थे’ आदेश मागा. आदेश मिळाला की त्याची खबर समोरच्या अधिकाऱ्याला लेखी द्या आणि पोच घ्या. आदेशानंतर काम केलं तर तो अवमान होतो. कलम १५१ खाली कोर्ट आधीची स्थिती परत आणण्याचा हुकूमही देऊ शकतं. कोर्टाचा आदेश अमलात आल्यामुळे कोणाचं काही गेलं आणि तो आदेश पुढे फिरला, तर कलम १४४ मध्ये ते परत मिळवण्याची सोय आहे.

घरांच्या बाबतीत १३ नोव्हेंबर २०२४ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल जवळ ठेवावा. पाडकामाआधी किमान पंधरा दिवसांची नोटीस त्यात बंधनकारक केली आहे आणि नियम मोडणाऱ्या अधिकाऱ्यांवर व्यक्तिगत जबाबदारीही टाकली आहे. तेव्हा पाडून झालं म्हणून याचिका निष्फळ, असं कोणी म्हटलं तर शांतपणे सांगायचं: मनाईची मागणी संपली असेल, पण भरपाईची आणि जबाबदारीची मागणी आजपासून सुरू होते.

घड्याळ उलटं फिरवायला कोर्ट कधी तयार होतं?

दोन निकाल शेजारी ठेवून पाहा. जुलै २०१६ मध्ये घटनापीठाने अरुणाचल प्रदेशात १५ डिसेंबर २०१५ ची स्थिती परत आणली. मधल्या काळात तिथे दुसरं सरकार येऊन बसलं होतं, तरीही. महाराष्ट्राच्या सत्तासंघर्षात मात्र ११ मे २०२३ ला घटनापीठाने राज्यपालांचं बहुमत चाचणी बोलावणं चुकीचं ठरवलं आणि तरी जुनं सरकार परत आणता येणार नाही असं सांगितलं. कारण मुख्यमंत्र्यांनी चाचणीला सामोरं न जाता २९ जून २०२२ ला राजीनामा दिला होता. बेकायदा कृत्यामुळे हातातून गेलेली गोष्ट कोर्ट परत देऊ शकतं, पण स्वतःहून सोडलेली गोष्ट परत देणं त्याला अवघड जातं. नोकरीच्या प्रकरणात रागाच्या भरात राजीनामा देऊ पाहणाऱ्यांनी हे आधी वाचावं.

निवृत्त झालो, माझा बढतीचा अर्ज अजून ‘मॅट’मध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) पडून आहे. तो निष्फळ झाला का?

मुळीच नाही. बढतीच्या खुर्चीवर आता बसता येणार नाही, पण मानीव तारीख (बढती ज्या दिवशी मिळायला हवी होती तो दिवस), वेतनातला फरक, पेन्शनची फेरनिश्चिती हे सगळं जिवंत आहे. सरकारी वकील म्हणतील, अर्जदार निवृत्त झाला, निष्फळ म्हणून निकाली काढा. त्याला तिथेच उभं राहून विरोध करायचा. नुसत्या बदलीविरुद्धचा अर्ज असेल तर मात्र निवृत्तीनंतर त्यात सहसा काही उरत नाही.

ज्या कायद्याला आव्हान दिलं तो कायदाच रद्द झाला तर?

बहुधा याचिका संपते. तीन कृषी कायद्यांना सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये स्थगिती दिली होती. त्या वर्षाअखेर संसदेने ते कायदेच रद्द केले आणि त्यांच्या वैधतेवर निवाडा करण्याजोगं काही उरलं नाही. पण रद्द झालेल्या कायद्याखाली तुमच्यावर आधीच दंड बसला असेल, खटला चालू असेल, कर वसूल झाला असेल, तर सर्वसाधारण वाक्खंड अधिनियमाच्या (जनरल क्लॉजेस ॲक्ट) कलम ६ मुळे ती देणी कायद्याबरोबर आपोआप मरत नाहीत. त्यामुळे तुमचं आव्हानही मरत नाही.

विषय संपला असूनही कोर्ट निकाल देतं, असं कधी होतं का?

होतं. या विषयातला सर्वांत रंजक भाग मला हाच वाटतो.

पुण्याच्या गोखले इन्स्टिट्यूटमधले अर्थशास्त्राचे प्राध्यापक डी. सी. वाधवा यांनी बिहारच्या अध्यादेशांचा अभ्यास केला. त्यांना दिसलं की १९६७ ते १९८१ या काळात तिथे २५६ अध्यादेश निघाले आणि विधिमंडळापुढे न नेता ते पुन्हापुन्हा काढून एक ते चौदा वर्षं जिवंत ठेवले गेले. प्राध्यापक सर्वोच्च न्यायालयात गेले. आव्हान दिलेल्या तीनपैकी दोन अध्यादेशांची जागा तोवर कायद्यांनी घेतली होती. सरकारचा युक्तिवाद ठरलेला: प्रश्न आता केवळ तात्त्विक आहे. डिसेंबर १९८६ च्या निकालात कोर्टाने तो मानला नाही. एक अध्यादेश संपला तरी ती प्रथा चालूच होती आणि तिचा घटनात्मक प्रश्न सोडवणं गरजेचं होतं. एका अभ्यासकाच्या चिकाटीने ही प्रथा घटनेशी केलेली लबाडी ठरली.

तीच गोष्ट काळाशी शर्यत असलेल्या प्रकरणांची. सर्वोच्च न्यायालयाने २१ जुलै २०२२ ला एका अविवाहित तरुणीला अंतरिम आदेशाने गर्भपाताची वाट मोकळी केली. तिच्यापुरता प्रश्न तिथे सुटला होता. गर्भधारणा काही तारखांसाठी थांबत नाही, त्यामुळे असा वाद कोर्टात शेवटपर्यंत जिवंत राहणं जवळपास अशक्य, आणि पुढच्या स्त्रीला तोच दरवाजा नव्याने ठोठवावा लागणार. कोर्टाने प्रकरण बंद केलं नाही. २९ सप्टेंबर २०२२ च्या निकालाने वीस ते चोवीस आठवड्यांच्या टप्प्यात विवाहित आणि अविवाहित असा भेद करता येणार नाही, हे सर्वांसाठी ठरलं.

नोटाबंदीचंही तसंच. ८ नोव्हेंबर २०१६ च्या निर्णयावरची सुनावणी २०२२ च्या ऑक्टोबरात सुरू झाली तेव्हा पीठानेच आधी विचारलं होतं, हा आता केवळ तात्त्विक प्रश्न तर नाही ना? शेवटी सुनावणी झाली आणि २ जानेवारी २०२३ ला चार विरुद्ध एक असा निकाल आला. न्यायमूर्ती नागरत्ना यांनी भिन्न मत नोंदवलं. सहा वर्षांनी जुन्या नोटा परत चलनात येणार नव्हत्या हे उघड होतं. पण सरकारने कुठल्या रस्त्याने जायला हवं होतं, यावर चर्चा तरी कायमची नोंदली गेली.

तुमच्या प्रकरणात असं काही म्हणायचं असेल तर दोन गोष्टी दाखवाव्या लागतात: प्रश्न फक्त तुमच्यापुरता नाही, आणि तो पुन्हा उभा राहणार आहे पण दर वेळी निकालाआधीच संपून जाणार आहे.

विधानसभेची मुदत संपली की निवडणूक याचिकाही संपते का?

आरोप काय आहे त्यावर ते ठरतं. अर्ज चुकीचा स्वीकारला किंवा उमेदवार अपात्र होता, एवढाच मुद्दा असेल तर सभागृह विसर्जित झाल्यावर कोर्ट त्यात पडत नाही. लोकनाथ पाढन प्रकरणात १९७४ मध्ये हेच झालं. आरोप भ्रष्ट आचरणाचा असेल तर मात्र याचिका टिकते, कारण त्या ठपक्यामुळे सहा वर्षांपर्यंत अपात्रता येऊ शकते.

याचं ठळक उदाहरण आपल्याकडचंच आहे. विलेपार्ल्याची पोटनिवडणूक झाली डिसेंबर १९८७ मध्ये. उच्च न्यायालयाने १९८९ मध्ये भ्रष्ट आचरणापायी ती रद्द ठरवली. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला ११ डिसेंबर १९९५ ला. तोवर राज्यात दोन सार्वत्रिक विधानसभा निवडणुका होऊन गेल्या होत्या. तरीही अपील निष्फळ ठरलं नाही, आणि त्या निकालापायी पुढे, त्या प्रचारात भाषणं केलेल्या बाळासाहेब ठाकरे यांचा मतदानाचा हक्क सहा वर्षांसाठी गेला.

पक्षांतराच्या अपात्रता अर्जांत परिस्थिती जास्त नाजूक आहे. विधानसभेची मुदतच संपली की अपात्र कोणाला ठरवणार? सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये अध्यक्षांनी साधारण तीन महिन्यांत निर्णय द्यावा असं सांगितलं. ३१ जुलै २०२५ ला तेलंगणच्या प्रकरणात सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठाने पुन्हा तीन महिन्यांची मुदत घातली आणि शस्त्रक्रिया यशस्वी पण रुग्ण दगावला, अशी वेळ येऊ देता येणार नाही, या अर्थाचं बजावलं.

याचिका निष्फळ झाली, मग मला मिळालेली स्थगिती चालू राहते का?

नाही. मूळ याचिका संपली की तिच्यावर टेकलेला अंतरिम आदेशही संपतो. मुंबईतल्या एका जाहिरात फलकाच्या वादातून गेलेल्या कलाभारती ॲडव्हर्टायझिंग प्रकरणात २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निव्वळ प्रकरण प्रलंबित होतं म्हणून मिळालेला फायदा कोणाला खिशात घालता येणार नाही.

त्याच विषयावर पुन्हा याचिका करता येते का?

निष्फळ म्हणून निकाली निघाली असेल तर गुणवत्तेवर निर्णयच झालेला नसतो. त्यामुळे नवं कारण उद्भवलं की नवी याचिका करता येते. खात्याने जुना बदली आदेश मागे घेऊन महिन्याने नवा काढला, तर तो नवा वाद.

पण मागे घेतलेली याचिका वेगळी. सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणाचा १९८७ चा निकाल असा, की पुन्हा येण्याची मुभा न घेता रिट याचिका मागे घेतली तर त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात दुसरी करता येत नाही. ‘विथड्रॉ करून टाकू, एकच आहे’ असं कोणी म्हणालं तर ते एकच नाही. निष्फळ म्हणून निकाली काढावी आणि मुभा राखून ठेवावी, अशी विनंती करायला सांगा. आदेशात ते दोन शब्द आले आहेत का, हे त्याच संध्याकाळी वेबसाइटवर पाहा.

याचिकाकर्ताच वारला तर?

हक्क कसा आहे ते पाहायचं. जमिनीचा, पैशाचा हक्क वारसांकडे जातो. दिवाणी दाव्यात ९० दिवसांत वारस दाखल करायचे असतात, नाहीतर दावा ‘अबेट’ होतो, म्हणजे आपोआप संपतो. तुरुंगवासाच्या शिक्षेविरुद्धच्या अपिलात आरोपी वारला तर जवळच्या नातेवाइकाला ३० दिवसांत अपील पुढे चालवण्याची परवानगी मागता येते, म्हणजे त्याच्यावरचा डाग पुसायची संधी राहते. जामिनाची मागणी मात्र माणसाबरोबरच जाते. ५ जुलै २०२१ ला मुंबई उच्च न्यायालयात फादर स्टॅन स्वामी यांच्या जामिनाची सुनावणी होती, आणि पीठाच्या कानावर आलं ते त्यांच्या निधनाचं वर्तमान.

कोर्टाने एकाच दिवशी जुन्या याचिकांचा गठ्ठा निष्फळ म्हणून बंद केला. त्यात माझी होती.

असं होतं. सरन्यायाधीश उदय लळित यांनी पदावर येताच जुनी प्रकरणं बोर्डावर घेतली. ३० ऑगस्ट २०२२ ला २००२ च्या गुजरात दंगलींबाबतच्या याचिका त्यांच्या पीठाने निष्फळ म्हणून बंद केल्या, कारण ज्या नऊ खटल्यांसाठी विशेष तपास पथक नेमलं होतं त्यातल्या आठांची सुनावणी पूर्ण झाली होती. बाबरी मशिदीबाबतची जुनी अवमान याचिकाही त्याच दिवशी दुसऱ्या पीठापुढे संपली.

तुमच्या प्रकरणात खरंच काही उरलं असेल आणि तुमच्या गैरहजेरीत ते बंद झालं असेल, तर आदेश मागे घेऊन याचिका पुन्हा फाइलवर घेण्याचा अर्ज लगेच द्या. त्यात नेमकी कोणती मागणी जिवंत आहे ते पहिल्याच परिच्छेदात लिहा.

समोरच्याने ‘पूर्तता झाली’ म्हणून पुरशिस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) दिली. सही करू का?

आधी पूर्तता मोजा. आदेश पाच लाखांचा आणि जमा झाले चार, व्याज बाकी, तर ती पूर्तता नव्हे. अवमान याचिकेत हे हमखास घडतं: तारखेच्या आदल्या दिवशी अर्धवट काम होतं आणि याचिका निष्फळ म्हणून संपवली जाते. उरलेलं काय ते लेखी नोंदवा, पुरशिसवर ‘उर्वरित मागणी कायम ठेवून’ असं लिहूनच सही करा.

खर्च मिळतो का?

मागितला तर मिळू शकतो. समोरच्याने तीन वर्षं भांडून शेवटच्या तारखेला आदेश मागे घेतला असेल, तर याचिका निष्फळ झाली हे मान्य करतानाच खर्चाची विनंती तोंडी का होईना, करा. नोंद रोजनाम्यात (कोर्टाच्या दर तारखेच्या नोंदवहीत) येऊ द्या.